नणंदेच्या खोलीची चावी माझ्या कमरेला

पत्र, थोडक्यात:

बीड जिल्ह्यातल्या एका गावातून एका सूनबाईंचं पत्र आलं आहे. ओळख पटेल असं सगळं गाळलं आहे. त्यांची नणंद 22 वर्षांची. लातूरला खोली करून बीएस्सी केलं, तिथंच एका मुलाशी जुळलं. मुलगा दुसऱ्या जातीचा, सध्या चाकणला कंपनीत. दसऱ्याच्या आधी घरी कळलं आणि तेव्हापासून पोरगी स्लॅबवरच्या खोलीत आहे. मोबाइल दिराने काढून घेतला. दाराला बाहेरून कुलूप. ताट सूनबाईच वर नेतात म्हणून चावी त्यांच्याकडे.

आता त्या मुलाने निरोप धाडला आहे की छत्रपती संभाजीनगरच्या हायकोर्टात हेबियस कॉर्पस, म्हणजे डांबलेल्या माणसाला कोर्टापुढं आणायची याचिका, टाकतो. घरात धावपळ सुरू झाली. कुणीतरी जाणत्याने सांगितलं की पोरगी कोर्टात "मी माझ्या मर्जीनं घरी आहे" म्हणाली की विषय मिटला. ते वाक्य तिच्याकडून पाठ करून घ्यायचं काम सूनबाईंवर आलं आहे. नाही ऐकलं तर डोक्याच्या डॉक्टरचा कागद आणू, असंही बोलणं चाललं आहे. तुळशीचं लग्न झालं की पहिल्या तिथीला उरकायचं म्हणून परळीकडचं एक स्थळही बघून ठेवलं आहे.

त्या लिहितात: "कोंडलेलं नाही, फक्त बाहेर जाऊ देत नाहीत. ती मला म्हणती, वहिनी, मला कामून कोंडायलेत? मी काय सांगू? घरच्यांचंही खरं हाय, लेकरू लहान हाय, पोरगं फसवील. पण तिचं तोंड बघवत नाही. मी तिला काय शिकवू? चावी माझ्याकडं हाय म्हणून पोलीस मलाच धरतेत का? आणि ती गेली तर मला माहेरी हाकलतेत."

उत्तर:

ताई, आधी एक कामाची गोष्ट. हे तुम्ही कुणाच्या फोनवर वाचताय? फोन नवऱ्याच्या किंवा दिराच्या हाती जात असेल तर वाचून झालं की हिस्ट्री पुसून टाका, स्क्रीनशॉट ठेवू नका. नंबर तेवढे पाठ करा. 112 पोलिसांचा, 181 महिलांच्या मदतीचा, 15100 मोफत कायदेशीर मदतीचा. तीनच आहेत, लक्षात राहतील.

आता पत्राकडे येते. "कोंडलेलं नाही, फक्त बाहेर जाऊ देत नाहीत" असं तुम्ही लिहिता आणि दोन ओळींनी चावी कमरेला असल्याचं लिहिता. घरात रोज ऐकून ऐकून हे वाक्य तुमच्याही तोंडात बसलं असणार, त्यात नवल नाही. कायदा मात्र कुलूप आहे का, मारहाण झाली का, उपाशी ठेवलं का, हे आधी विचारत नाही. माणसाला एका ठरावीक हद्दीबाहेर जायचा हक्क असताना जाऊ दिलं नाही, एवढं पुरतं. उघड्या दारासमोर दीर बाज टाकून बसला असता तरी तेच झालं असतं. भारतीय न्याय संहितेच्या कलम 127 मध्ये याची शिक्षा दिवसांच्या हिशोबाने चढत जाते. साध्या डांबण्याला एक वर्षापर्यंत कैद, तीन दिवस किंवा जास्त झाले तर तीन वर्षांपर्यंत, दहा दिवस किंवा जास्त झाले तर पाच वर्षांपर्यंत आणि वर दंड. सुटकेसाठी कोर्टाचा आदेश निघाल्याचं माहीत असूनही डांबून ठेवलं तर आणखी दोन वर्षांपर्यंतची वेगळी कैद. दसऱ्यापासून धरलं तर तुमचं घर दहा दिवसांच्या कधीच पुढं गेलं आहे. तुम्हाला घाबरवायला हे लिहीत नाही. हा हिशोब पुढं नवऱ्याशी बोलताना तुमच्या कामी येणार आहे.

"लेकरू लहान आहे" या वाक्यापाशी जरा थांबू या. गेल्या निवडणुकीत हिचं मतदान घ्यायला घरची गाडी गेली होती की नाही? उद्या शेताची वाटणी करायची म्हटलं तर हक्कसोडपत्रावर हिची सही मागायला हेच लोक तिला तालुक्याला नेतील, आणि तेव्हा ती सज्ञान असल्याचं सगळ्यांना बरोबर आठवेल. सहीपुरती मोठी आणि लग्नापुरती लहान, असं वय कायद्यात नाही. 18 पूर्ण झाले की संपलं. "पोरगं फसवील" हे खरंही निघू शकतं. मी त्या मुलाला ओळखत नाही, तुम्हीही नाही. पण फसायची भीती आहे म्हणून सज्ञान माणसाला कुलपात ठेवता येत नाही, मग ठेवणाऱ्यांची माया कितीही खरी असो. जानेवारी 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढं एका आईचं प्रकरण आलं होतं. त्यात प्रियकर वगैरे काही नव्हतं. सज्ञान लेकीला वडिलांकडं कुवेतला राहून शिकायचं होतं, आईला ती आपल्याकडं हवी होती. कोर्टाने मुलीला विचारलं आणि तिची निवड मान्य केली. आईच्या मायेपोटी किंवा बापाच्या अहंकारापोटी कोर्टाने पालकांचाही पालक होऊ नये, अशी त्या निकालाची भूमिका आहे.

आता ही याचिका म्हणजे काय, ते बघू. तुमच्या घरात आणि बहुधा त्या मुलाच्या डोक्यातही याचिकेबद्दल एकच गैरसमज आहे. दोघांनाही वाटतं की हायकोर्ट पोरगी उचलून याच्याकडून त्याच्याकडं देतं. तसं काही नसतं. राज्यघटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालय एवढंच म्हणतं की हे माणूस आमच्यापुढं आणा, आम्ही त्यालाच विचारतो. मराठवाड्याची प्रकरणं संभाजीनगरच्या खंडपीठापुढं जातात. ते 1981 साली सुरू झालं. त्याआधी आपल्याकडच्या माणसाला अशा कामासाठी मुंबई गाठावी लागायची. याचिका दाखल झाली की पोलिसांना नोटीस जाते, पोलीस घरी येतात, मग मुलीला न्यायाधीशांपुढं हजर करायला सांगितलं जातं. डांबणारा सरकारी माणूसच असला पाहिजे असं नाही. बाप, भाऊ, मामा, कुणीही असला तरी हाच रस्ता. आणि याचिका प्रियकरानेच करावी लागते असंही नाही. मैत्रीण करू शकते, बहीण करू शकते, कॉलेजातले सर करू शकतात. ताई, तुम्हीही करू शकता.

जाणत्याने सांगितलेल्या त्या वाक्याबद्दल आता. तो अर्धं खरं बोलला. मुलीने मनापासून "मला आईवडिलांकडंच राहायचंय" असं सांगितलं तर याचिका निकाली निघते, हे खरं आहे. पण ते वाक्य कुठं, कुणासमोर, कशा अवस्थेत म्हटलं गेलं, हे आता कोर्टाने बघायचं असतं. आपल्याकडं कितीदा काय होतं? हवालदार घरी येतो, अंगणात बाजेवर बसतो, चहा होतो, पोरीला बाहेर बोलावतात. समोर बाप, मागं भाऊ, दारात आई पदर तोंडाला लावून. "काय गं, मर्जीनं राहतेस ना?" पोरगी मान हलवते, जबाब लिहिला जातो, खाली सही. असल्या जबाबाची किंमत किती?

11 मार्च 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने देवू जी. नायर विरुद्ध केरळ सरकार या प्रकरणात देशभरातल्या न्यायालयांना अशा याचिकांसाठी सूचना घालून दिल्या. त्या तुमच्या नवऱ्याने मुद्दाम ऐकाव्यात अशा आहेत. या याचिका आधी ऐकायच्या, तारखा देत बसायचं नाही. मुलीशी न्यायाधीशांनी एकांतात बोलायचं आणि तिला डांबल्याचा आरोप ज्यांच्यावर आहे ती माणसं तिथं नसतील हे बघायचं. तिला बसायला नीट जागा, पाणी, स्वच्छतागृह, मध्ये थोडी उसंत मिळाली पाहिजे. याचिका करणाऱ्याशी तिचं नेमकं काय नातं आहे याच्या खोलात शिरायचं नाही. तिने घरी जायचं नाही म्हटलं तर विनाविलंब मोकळं करायचं, लागलं तर पोलीस संरक्षण द्यायचं. आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायचा प्रयत्न करायचा नाही. हा शेवटचा भाग मला फार मोलाचा वाटतो, कारण "चार शब्द समजावून सांगा तिला" हे आपल्याकडं पोलीस ठाण्यापासून पुढाऱ्याच्या बंगल्यापर्यंत सगळीकडं चालतं.

म्हणजे तुम्ही महिनाभर वाक्य पाठ करून घेतलंत आणि बंद खोलीत न्यायाधीशांनी पाणी पुढं करून "बाळ, तुला काय हवंय?" एवढं विचारलं, की पाठ केलेलं तिथंच गळून पडू शकतं. शिवाय धमकी देऊन कोर्टात खोटं सांगायला लावणं हा वेगळा गुन्हा आहे. त्यात तुमचं नाव कशाला येऊ द्यायचं? तेव्हा तुमच्या मुख्य प्रश्नाचं उत्तर सरळ आहे: तिला काहीही शिकवू नका. घरच्यांच्या बाजूचं नको आणि मुलाच्या बाजूचंही नको.

दुसरी बाजूही सांगते, नाहीतर मी एकतर्फी बोलले असं होईल. याच देवू नायर प्रकरणात, जिला आईवडिलांनी डांबल्याचं याचिकेत म्हटलं होतं त्या मुलीशी एका न्यायिक अधिकारी बाईंनी बोलून अहवाल दिला, तेव्हा आपल्याला आईवडिलांकडंच राहायचंय असं तिने सांगितलेलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केलं. याचिका करणारीच्या हाती काही आलं नाही, पण पुढच्या सगळ्यांसाठी नियम मात्र झाले. तुमच्या नणंदेनेही उद्या असंच काही सांगितलं तर त्या मुलाला ते मुकाट ऐकावं लागेल.

आणि हाच रस्ता आईबापही धरतात. केरळच्या हादियाचं प्रकरण तुम्ही टीव्हीवर पाहिलं असेल. होमिओपॅथी शिकणारी, 24 वर्षांची मुलगी. धर्म बदलला, लग्न केलं. हेबियस कॉर्पस केली होती तिच्या वडिलांनी. मे 2017 मध्ये केरळ उच्च न्यायालयाने लग्न रद्द ठरवून तिला वडिलांच्या घरी धाडलं. माणसाला सोडवायच्या याचिकेतून सज्ञान मुलगी महिनोन् महिने घरात अडकून पडली. 27 नोव्हेंबर 2017 ला सर्वोच्च न्यायालयाने तिला समोर बोलावून तिचंच म्हणणं ऐकलं आणि शिक्षण पुरं करायला कॉलेजात पाठवलं. 8 मार्च 2018 ला तिचं लग्न कायम केलं. तिच्याबद्दल सगळे बोलत होते, वाहिन्यांवर रात्र रात्र चर्चा झडत होत्या, आणि तिला मात्र सगळ्यांत शेवटी विचारलं गेलं. तुमच्या घरात तरी तिला कुणी नीट विचारलंय का? पत्रात सासूबाई काय म्हणतात, नवरा काय म्हणतो, भावकी काय म्हणेल हे सगळं आहे. नणंदेचं एकच वाक्य आहे, आणि तोही प्रश्न आहे.

तर ताट घेऊन वर जाल तेव्हा तिला विचारा. दार आतून लोटून घ्या, खाली कुणी कान देऊन नाही ना बघा आणि शांतपणे विचारा. "तो हवा की आम्ही?" असं विचारू नका, या प्रश्नात तिला दोन्हीकडून मार आहे. तिच्या डोक्यात तीन वेगळ्या गोष्टी असतील: खोलीतून बाहेर पडणं, त्या मुलाशी लग्न करणं आणि पुढं शिकणं किंवा नोकरी धरणं. घरच्यांनी तिन्हींची एकच मोट बांधली आहे, की बाहेर सोडली म्हणजे पळून जाऊन लग्न करणार. असं असेलच असं नाही. कदाचित तिला एमएस्सीला नंबर लावायचा असेल. कदाचित इतक्या दिवसांत त्या मुलाबद्दलही तिच्या मनात काही प्रश्न उभे राहिले असतील आणि ते बोलून दाखवायची चोरी झाली असेल, कारण शंका बोलली की "बघा, आम्ही म्हणत नव्हतो!" असं घर अंगावर येणार. कदाचित तिला तोच हवा असेल, आजच. ती जे सांगेल ते ऐकून घ्या, सुधरवू नका. मग एवढंच सांगा: तुला कोर्टात विचारतील, तेव्हा आमच्यापैकी कुणी तिथं नसेल, तुला वाटेल ते सांग. तिची दहावीची सनद, आधार कार्ड, टीसी घरात कुठं आहे तेही तिला सांगून ठेवा. वयावरून वाद निघाला की पहिल्यांदा दहावीचं प्रमाणपत्र बघतात.

ती बोलताना जगण्याचा कंटाळा आल्यासारखं काही बोलली, किंवा जेवणच सोडलं असेल, तर मात्र याचिका, तारीख, नवऱ्याची मर्जी कशाचीही वाट बघू नका. 112 लावा. मनाच्या त्रासासाठी 14416 हा सरकारी नंबर आहे, त्यावर मराठीतही बोलतात.

डोक्याच्या डॉक्टरच्या कागदाचं ऐकून मला राग आला, ते लपवत नाही. 2017 चा मानसिक आरोग्यसेवा कायदा स्वच्छ सांगतो की समाजाच्या नीतिनियमांप्रमाणे किंवा धर्मसमजुतींप्रमाणे वागत नाही एवढ्यावरून कुणाला मनोरुग्ण ठरवता येत नाही. दुसऱ्या जातीच्या मुलावर प्रेम करणं हा कोणत्याही पुस्तकात आजार नाही. तिच्या मर्जीविरुद्ध दवाखान्यात ठेवायचं तर त्यालाही तपासण्या, मुदत आणि दाद मागायची मंडळं आहेत. एका ओळखीच्या डॉक्टरच्या चिठ्ठीवर ते होत नाही. आणि ती खरोखरच आजारी असती तरी घरात कोंडणं हा उपचार नव्हता. असा कागद कोर्टात गेला तर तुमच्या नवऱ्याचंच प्रकरण बिघडेल, हे त्याला जरूर सांगा.

परळीच्या स्थळाचं तर त्याहून अवघड आहे, कारण तिथं वेळ कमी आहे. जबरदस्तीने संमती घेऊन लावलेलं लग्न हिंदू विवाह कायद्याच्या कलम 12 खाली पुढं रद्द करून घेता येतं, जबरदस्ती संपल्यापासून वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. पण त्यात त्या परळीच्या पोराचंही आयुष्य पणाला लागतं. त्याच्या घरच्यांना पोरगी वर कुलपात आहे हे कुणी सांगितलंय का? मला नाही वाटत.

नवऱ्याशी बोलावं का? बोलावं असं मला वाटतं, पण एका अटीवर, आणि ती अट आधी. घरात कुणी "मारून टाकू", "गाडून टाकू" असं बोललंय का? रागात बोललेलं असलं तरी ते राग म्हणून सोडून देऊ नका. वैजापूर तालुक्यात 2021 मध्ये आणि नांदेड जिल्ह्यात 2023 मध्ये पोटच्या माणसांनीच मुलींचे जीव घेतल्याच्या बातम्या आपण सगळ्यांनी वाचल्या आहेत. त्या घरांतही दोन दिवस आधी चहाच होत असेल. असं काही कानावर आलं असेल तर घरात चर्चा करायची नाही. सरळ 112, आणि फोनवर गाव, घराची खूण, कोणत्या मजल्यावर, बाहेरून कुलूप, मुलीचं वय, एवढं सांगायचं. तुमचं नाव सांगायची सक्ती वाटून घेऊ नका.

तसं नसेल तर नवऱ्याला एकट्याला गाठा. सासूबाईंसमोर नको, दिरासमोर तर मुळीच नको. "तिचं प्रेम खरं आहे" असलं काही बोलू नका, तिथं तुम्ही हरणार. कलमाचा हिशोब सांगा. नोटीस आल्यावर दार उघडलं तर काय आणि आजच उघडलं तर काय, हा फरक सांगा. बापाचं वय काढा, दिराच्या पोलीस भरतीचं काढा. (दीर भरतीची तयारी करतोय असं तुम्ही लिहिलंय. डांबून ठेवल्याचा गुन्हा अंगावर असताना चारित्र्य पडताळणीत काय होईल, ते त्याच्या अकॅडमीतल्या सरांना विचारा म्हणावं.) बऱ्याचदा अशा घरांत पुरुषांनाही पाऊल मागं घ्यायचं असतं, पण घेतलं तर भावकीत नाक खाली होतं. त्यांना कुणीतरी निमित्त द्यावं लागतं. "वकिलाने सांगितलं म्हणून सोडली" हे निमित्त चालून जातं. सासूबाईंच्या माहेरचा एखादा शहाणा भाऊ असेल तर त्यालाही मध्ये घालता येईल. यात एक धोका आहे, तोही सांगते. बोलणं फिसकटलं तर पोरीला रातोरात दुसऱ्या नातेवाइकाकडं हलवतील. म्हणून बोलायच्या आधी तिचं म्हणणं तुमच्याकडं असलं पाहिजे आणि मदतीचा रस्ता ठरलेला असला पाहिजे. तिने स्वतःच्या हाताने, तारीख घालून चार ओळी लिहून दिल्या तर फार उत्तम: मी अमुक तारखेपासून या खोलीत आहे, मला बाहेर जाऊ देत नाहीत, मला इथं राहायचं नाही. खाली सही. आजच्या घडीला याहून मोठा पुरावा नाही.

रस्ते दोन-तीन आहेत. हायकोर्ट हाच एक आहे असं नाही, जरी मुलाने तेच नाव घेतलं असलं तरी. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 खाली तुमच्या उपविभागाचे दंडाधिकारी, म्हणजे एसडीएम साहेब, किंवा प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी झडतीचं वॉरंट काढून डांबलेल्या माणसाला सोडवून आपल्यापुढं आणायला सांगू शकतात. गावापासून हे जवळ पडतं, खर्च कमी. पण तालुक्याच्या कचेरीत तुमच्या भावकीतला एखादा बाबू असेल तर अर्ज टेबलावर पडायच्या आधी बातमी घरी येते, हे लक्षात ठेवा. 181 वर फोन केला तर सखी केंद्राची, म्हणजे अडचणीतल्या बायकांसाठीच्या सरकारी मदत केंद्राची, माणसं पोलिसांना घेऊन येऊ शकतात, तिला तात्पुरतं राहायला जागाही मिळते. त्या मुलाकडं न जाताही ती घराबाहेर राहू शकते, हे तिला आणि नवऱ्याला, दोघांनाही कळणं गरजेचं आहे. कौटुंबिक हिंसाचार कायदा फक्त सुनांसाठी आहे असा समज आहे. अविवाहित लेकीलाही बापाविरुद्ध, भावाविरुद्ध त्याखाली संरक्षण मागता येतं. आणि हायकोर्टात जायचंच ठरलं तर पैसा आडवा येत नाही. विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला वकील मोफत मिळतो, नवऱ्याचं उत्पन्न कितीही असो.

असाच प्रसंग ज्यांच्यावर आहे त्या मुलांसाठी दोन शब्द, कारण तुमच्यासारखी पत्रं त्यांचीही येतात. याचिकेत "माझ्या ताब्यात द्या" असं लिहू नका; ती वस्तू नाही आणि कोर्टही तसं देत नाही. तिच्या वयाचा पुरावा, शेवटचं बोलणं कधी झालं, तिने काय सांगितलं, पोलिसांना लेखी तक्रार कधी दिली आणि त्याची पोच, हे जोडा. झालेलं नसलेलं लग्न झालं म्हणून सांगू नका. एका खोट्यापायी तिचंच खरं झाकलं जातं. आणि हो, कोंडलेल्या सगळ्या मुलीच असतात असंही नाही. सातबाऱ्यावर सही व्हावी म्हणून म्हाताऱ्या बापाला आखाड्यावर ठेवून कुणाला भेटू न देणारे सुपुत्रही आपल्याच भागात आहेत. त्यांच्यासाठीही हीच याचिका आहे, फक्त त्यांच्या वतीने निरोप धाडणारं कुणी चाकणला नसतं.

आता चावी, आणि तुम्ही. "सासूने सांगितलं म्हणून कुलूप लावलं" हा कायद्यात बचाव होत नाही. पण कोर्टाला आणि पोलिसांनाही घरात कुणाचं चालतं हे कळतं, आणि जी बाई स्वतः पुढं येऊन सांगते तिच्याकडं वेगळ्या नजरेने बघतात. आजपासून एका जुन्या वहीत तारखा लिहा: कुलूप कुणी लावायला सांगितलं, कोण काय बोललं, डॉक्टरचा विषय कधी निघाला. वही घरात नको, विश्वासातल्या मैत्रिणीकडं ठेवा. पोलीस आले तर खरं सांगा. न विचारलेलं फुगवू नका, विचारलेलं लपवू नका.

"मला माहेरी हाकलतेत" या भीतीला मी लहान म्हणणार नाही, तुम्हाला दोन लेकरं आहेत. पण घर कुणाच्या नावावर आहे याच्याशी संबंध न ठेवता कायद्याने तुम्हाला त्या घरात राहायचा हक्क दिला आहे, आणि बाहेर काढायला लागले तर त्याच कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली तालुक्याच्या संरक्षण अधिकाऱ्याकडं अर्ज करून न्यायदंडाधिकाऱ्यांचा आदेश घेता येतो. माहेरच्या एका तरी माणसाला आजच सगळं सांगून ठेवा, भावाला नाही जमलं तर भावजयीला. पंचमीला, दिवाळीला न्यायला येतात तशी त्यांनी गाडी घेऊन दारात यायची तयारी असली म्हणजे सासरची बरीचशी भाषा बदलते.

आणि बीडला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात किंवा तुमच्या तालुक्याच्या समितीत जाल तेव्हा तुमचा अर्ज वेगळा करा आणि नणंदेचा वेगळा. दोघींना एकच वकील घेऊ नका. आज तुम्ही एका बाजूला आहात, पण कागदावर तिला डांबणाऱ्यांत तुमचंही नाव येऊ शकतं, आणि तेव्हा तिच्या वकिलाने फक्त तिचंच बघितलं पाहिजे.